कनवटीची चावी

त्या मंगळवारी आईनं बाबांच्या डब्यात भाजी भरली, लोणचं भरलं, आणि पोळ्या परातीतच राहिल्या. बाबा ओट्यावर चपला घालत होते तेव्हा तिच्या ध्यानात आलं.

"अहो, पोळ्या राहिल्या की."

"राहू दे. पोरांच्या डब्यातली खाईन एखादी."

"खा. सुतारकाम शिकवणाऱ्या मास्तरला पोरं भुसासुद्धा वाढतील."

बाबा हसले. आई टोमणा मारायची त्या दिवशी घर हलकं असायचं. ती गप्प असली की बाबा आणि मी एकमेकांकडे बघायचो.

तिनं पोळ्या फडक्यात बांधून दिल्या. मग रोजचं सुरू झालं. मी बाहेर आले. बाबांनी दार ओढून घेतलं, कडी कोयंड्यात अडकवली, पितळी कुलूप लावून दोनदा ओढून पाहिलं. मग ते शेजारच्या खिडकीपाशी गेले. आईनं गजांतून हात बाहेर काढला. बाबांनी चावी तिच्या तळहातावर ठेवली आणि तिनं ती कनवटीला खोचली.

"वैजू एक वाजता येईल," बाबा म्हणाले.

"येऊ दे. मी कुठे पळून चाललेय?"

ते सायकलवरून आयटीआयला गेले, मी चालत वाचनालयाकडे निघाले. कोपऱ्यावरून वळून पाहिलं तेव्हा आई खिडकीत बसून लसूण सोलत होती.

या कुलपाची हकीकत सांगायला हवी. परतवाड्यात आमची गल्ली आरा मशिनीच्या मागं होती. मी वीस वर्षांची असताना आईला हाका ऐकू यायला लागल्या. कोणीतरी बोलवायचं आणि ती हातातलं काम टाकून निघायची. एकदा चिखलदऱ्याच्या रस्त्यावर, घाट सुरू होतो तिथं, अनवाणी सापडली. लाकडाच्या ट्रकवाल्यानं आणून सोडली. तळपायांना फोड आले होते. बरं वाटल्यावर तिनं स्वतःच विषय काढला.

"मला बाहेरून कुलूप लावत जा," ती बाबांना म्हणाली. "पण चावी माझ्याजवळ राहील. आणि चावी घरात आहे हे कोणाला कळता कामा नये. कळलं तर ते लोक खिडकीतून हात घालतील."

ते लोक कोण, हे आम्ही कधी विचारलं नाही.

बाबांनी टेप घेतला आणि आईचा हात मोजला, खांद्यापासून बोटांच्या टोकापर्यंत. मग दाराची कडी उखडून खिडकीच्या बाजूला, बरीच खाली बसवली. गजांतून खांद्यापर्यंत हात घातला, अंग भिंतीला टेकवलं आणि मनगट वळवलं की चावी बरोबर कुलपात जायची. न बघता, चाचपडत उघडायचं. तिला पाच-सात मिनिटं लागत. "तेवढ्यात हाक थांबते," ती म्हणायची. आणि खरंच थांबायची. तीन वर्षांत तिनं ते कुलूप दोनदा उघडलं. एकदा शेजारच्या लांजेवार काकूंच्या घरात गॅसचा वास आला तेव्हा, आणि एकदा पोस्टमननं रजिस्टर पत्र आणलं तेव्हा.

पहिल्या वर्षी बाबांनी चावीचं डॉक्टरांना सांगितलं होतं, तिच्या देखत. घरी येऊन तिनं चावी विहिरीत टाकली आणि अकरा दिवस बाबांच्या हातून गोळी घेतली नाही. दुसऱ्या कोणाच्या हातून ती घेतच नसे. शेवटी बाबांनी नवी चावी करून आणली आणि तिच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली: पुन्हा माझ्या तोंडून हे निघणार नाही. मला कोणी शपथ घातली नव्हती. मी घरातलीच म्हणून असेल.

त्या मंगळवारी वाचनालयात मला पत्र आलं. पुण्याच्या एका कॉलेजात सहायक ग्रंथपालाची जागा होती, एक जुलैला हजर व्हायचं होतं. अशी एक नोकरी आधीच्या वर्षी मी सोडून दिली होती. दुपारी एक ते साडेपाच आईजवळ कोण, हा प्रश्न होता. बाबांनी तेव्हा "जा" म्हटलं होतं आणि मी गेले नव्हते. हे पत्र मी घडी घालून पर्समध्ये ठेवलं. घरी सांगायचं नाही असं ठरवलं नव्हतं, पण सांगितलं नाही.

एक वाजता घरी आले तर ओट्यावर दिनकरमामा बसलेले. आईचे थोरले भाऊ, आर्वीला हेडमास्तर. पांढरा सदरा घामानं पाठीला चिकटलेला. लांजेवार काकू त्यांच्या दारात उभ्या होत्या.

"सकायपासून बसून हायेत तुये मामा," त्या म्हणाल्या. "म्या चाय देल्ला, घेतला नाही."

"चहा कसा घेऊ?" मामा म्हणाले. "माझी बहीण गजांच्या आड आणि मी ओट्यावर बसून चहा पिऊ? वैजू, चावी दे."

मी खिडकीकडे पाहिलं. आई गज धरून उभी होती आणि माझ्याकडे रोखून बघत होती. एक हात पोटाशी, कनवटीवर दाबलेला.

"चावी बाबांजवळ आहे, मामा," मी म्हणाले.

आईनं श्वास सोडला.

"दिवसभर?" मामांनी विचारलं. "तुझ्याजवळसुद्धा नाही? आणि आग लागली तर? तिला बाहेर जावंसं वाटलं तर?"

मी पर्स खांद्यावरून काढून ओट्यावर ठेवली.

"पमे," ते खिडकीजवळ जाऊन म्हणाले, "तुला कोंडतात का गं?"

"कुलूप लावतात," आई म्हणाली. "रोज लावतात. दादा, तुझ्या अंगणातलं आंब्याचं झाड आहे ना?"

झाड तोडून दहा वर्षं झाली होती. मामांनी डोळे पुसले आणि तीनच्या बसनं निघून गेले. थांबा म्हटलं तर म्हणाले, "तुझ्या बापाशी मला बोलायचं नाही. बोलायचं तिथं बोलीन."

संध्याकाळी बाबांना सगळं सांगितलं. ते आईला ऐकू येणार नाही इतक्या हळू म्हणाले, "बरं केलंस. तिची गोष्ट राखलीस." त्यांनी मामांना दोन पत्रं लिहिली. उत्तर आलं ते पोलीस ठाण्यातून. मामांनी नागपूरला हायकोर्टात हेबियस कॉर्पसची याचिका केली होती: माझ्या मनोरुग्ण बहिणीला तिच्या नवऱ्यानं बेकायदा डांबून ठेवलं आहे, तिला कोर्टासमोर हजर करा. तारीख चोवीस जून. सोबत पंचनामा होता. 'घरास बाहेरून कुलूप. महिला आत.' त्यात खोटं काहीच नव्हतं. कडी इतकी खाली आणि एका बाजूला का, हे पंचांपैकी कोणाला विचारावंसं वाटलं नाही.

नागपूरला आमच्यासोबत एक महिला शिपाई होती. निघताना, ती पुढं चालू लागल्यावर, बाबांनी सवयीनं कुलूप लावलं आणि चावी आईच्या हातात दिली. आईनं ती कनवटीला खोचली. बसमध्ये ती खिडकीशी बसली, शिपाईबाईंना गावांची नावं विचारत राहिली. बाबा माझ्या शेजारी होते.

"वकील म्हणतात, चावीचं अ‍ॅफिडेव्हिटमध्ये लिहा, केस तिथंच संपेल," ते म्हणाले.

"मग?"

"लिहिलं की वाचून दाखवतात. तिच्यासमोर. मी शब्द दिलाय तिला." मग म्हणाले, "मी वकिलांना सांगितलं, वैजू आहे. तुला विचारलं तर जे आहे ते सांग."

"हो," मी म्हणाले.

पर्समध्ये ते पत्र होतंच. एक जुलैला सात दिवस राहिले होते.

दोन न्यायमूर्ती होते, एक वयस्क गृहस्थ आणि एक बाई. त्यांनी आम्हाला कोर्टातून चेंबरमध्ये बोलावलं. आईला खुर्ची दिली, पाणी दिलं. बाई मराठीत, हळू बोलत होत्या.

"प्रमिलाताई, घराला कुलूप कोण लावतं?"

"हे."

"चावी कुठे असते?"

आईनं बाबांकडे पाहिलं. "मला नाही माहीत," ती म्हणाली.

"भावाकडे राहायला आवडेल?"

"दादाकडे आंबा आहे."

वयस्क न्यायमूर्तींनी बाबांना विचारलं, "मिस्टर काळमेघ, कुलूप तुम्ही लावता हे खरं?"

"खरं, साहेब. तिच्या जिवासाठी लावतो."

"चावी कोणाजवळ असते?"

बाबा उभे होते. हातातली टोपी त्यांनी दोनदा फिरवली. "ते मला सांगता येणार नाही, साहेब."

"सांगता येणार नाही की सांगायचं नाही?"

"येणार नाही."

दोघा न्यायमूर्तींनी एकमेकांकडे पाहिलं. त्यांच्या जागी मी असते तर मीही तसंच पाहिलं असतं. बाईंनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि म्हणाल्या, "मुलीशी एकटीशी बोलू. बाकीच्यांनी बाहेर बसा." आई बाबांचा हात धरून बाहेर गेली. दारातून बाबांनी माझ्याकडे वळून पाहिलं. त्यांचा चेहरा अगदी स्वस्थ होता. सगळं आता मार्गी लागलं, असा.

दार बंद झालं.

"घाबरू नकोस," बाई म्हणाल्या. "शिकतेस का?"

"ग्रंथालयशास्त्र झालंय."

"छान. मला एकच सांग. तुझ्या आईच्या मनात आलं, तर ती त्या घरातून बाहेर पडू शकते का?"

खोलीत पंख्याचा आवाज होता. टेबलावर काचेखाली एका लहान मुलीचा फोटो होता, शाळेच्या गणवेशातला. मी तो बघत राहिले.

"नाही," मी म्हणाले.

त्यांनी मान हलवली. "तुला जड गेलं असेल हे सांगणं," त्या म्हणाल्या.

दुपारनंतर आदेश झाला. आईनं सहा आठवडे भावाकडे राहायचं, सरकारी डॉक्टरांकडून तपासणी करून अहवाल द्यायचा, पुढची तारीख ऑगस्टमध्ये. आदेश वाचला जात असताना बाबांनी माझ्याकडे पाहिलं नाही. व्हरांड्यात त्यांनी मामांच्या हातात गोळ्यांचा डबा दिला.

"पाण्याबरोबर देऊ नका, जिभेखाली लपवते. ताकाबरोबर द्या. तुम्ही समोर बसून द्या." मग म्हणाले, "दिनकरराव, रागावला असाल तर असा. पण दाराला कडी ठेवा."

"आमच्या घरी माणसाला कोंडत नाहीत, जावईबापू," मामा म्हणाले.

आई मामांच्या मागं रिक्षात बसली. बाबा येत नाहीत हे तिच्या उशिरा लक्षात आलं. तिनं रिक्षातून हात बाहेर काढला, तळहात वर करून, रोज खिडकीतून काढायची तसा. बाबांजवळ द्यायला काही नव्हतं. त्यांनी तिचा हात नुसता मिटून आत ठेवला.

दुसऱ्या दिवशी आम्ही परतवाड्याला पोचलो. दारापाशी बाबांनी खिशात हात घातला आणि तसेच उभे राहिले.

"चावी तिच्या कनवटीला गेली," ते म्हणाले.

लांजेवार काकूंकडून पेचकस आणला. बाबा खाली बसले आणि चौकटीतून कोयंड्याचे स्क्रू काढायला लागले. चार स्क्रू, त्यांनी स्वतः बसवलेले, खोल. तीन निघाले. चौथ्यावर पेचकस ठेवून त्यांनी माझ्याकडे न बघता विचारलं,

"त्यांनी तुला विचारलं नाही का?"

"विचारलं," मी म्हणाले.

त्यांनी चौथा स्क्रू काढला. कुलूप तसंच बंद होतं. कडीही दारावरून सोडवली आणि कडी, कोयंडा आणि कुलूप एकमेकांत अडकलेली त्यांनी उचलून अवजारांच्या पेटीत ठेवली. त्यानंतर अठरा वर्षांत त्यांनी मला याबद्दल एक शब्द विचारला नाही.

त्याच संध्याकाळी मी पत्र दाखवलं. ते चष्मा लावून दोनदा वाचून म्हणाले, "चांगली जागा आहे. जा." पत्रावरची तारीख त्यांनी वाचलीच असणार.

मी पुण्याला जाऊन नऊ दिवस झाले होते. त्या सकाळी आर्वीला मामी दूध आणायला गेल्या, मामा आंघोळीला गेले. दार उघडंच होतं, ते तसं मुद्दाम ठेवत. आई निघाली. तिसऱ्या दिवशी गावाबाहेरच्या कालव्यात सापडली. ऑगस्टच्या तारखेला याचिका निकाली निघाली. ज्या व्यक्तीसाठी ती केली होती ती हयात नाही, म्हणून.

बाबा त्याच घरात राहिले. दरवर्षी खंडेनवमीला ते पटाशी, रंधा, करवत पाटावर मांडून पूजा करायचे. त्यांत ते बंद कुलूपही असायचं. त्याला तेल द्यायचे, पुसायचे, हळदकुंकू वाहायचे. मी सुट्टीला यायची, पाटासमोर बसायची, प्रसाद घ्यायची. आम्ही पुस्तकांबद्दल बोलायचो, माझ्या बदलीबद्दल, त्यांच्या गुडघ्यांबद्दल. चांगलं बोलायचो. मला वाटायचं, एक दिवस ते विचारतील आणि मग मी सांगेन. ते विचारत नव्हते म्हणून मला सांगावं लागत नव्हतं, हे मला कळत होतं.

मागच्या पौषात ते गेले. झोपेतच. सगळे दिवस झाले, माणसं गेली, आणि चौदाव्या दिवशी दुपारी दिनकरमामा आले. वय पंचाहत्तरीचं, हातात काठी, सोबत कोणी नाही. ओट्यावर ते त्याच जागी बसले.

"आधी यायला हवं होतं," ते म्हणाले. "जावईबापू होते तोवर तोंड दाखवायची हिंमत नव्हती. आता ते नाहीत म्हणून आलो. बघ कसा माणूस आहे मी."

मी चहा केला. त्यांनी घेतला.

"रोज सकाळी आंघोळीला जाताना मला ते दार दिसतं," ते म्हणाले. "उघडं. ते सांगत होते कडी ठेवा. मी त्यांना टोमणा मारला. वैजू, मीच मारलं गं पमीला."

"मामा, असं बोलू नका."

"अठरा वर्षं बोललो नाही. तुझ्याजवळ बोलतोय." त्यांनी सदऱ्याच्या आतल्या खिशातून कागदाची पुडी काढली. "हे द्यायचं राहिलं होतं. पोलिसांनी दिलं, बांगड्यांबरोबर. तिच्या कनवटीला होतं. कशाची चावी ते कळलं नाही. आमच्या घरची सगळी कुलपं लावून पाहिली. लहानपणची तिची पेटी होती, तिलाही लावून पाहिली."

पुडीत पितळी चावी होती. काळी पडलेली.

मी आत गेले. अवजारांची पेटी उघडली आणि ती जोडी बाहेर आणली. कुलपावर गेल्या खंडेनवमीचं कुंकू होतं. मी मामांच्या पुढ्यात बसून चावी घातली. ती सहज फिरली. कडी आणि कोयंडा सुटून ओट्यावर पडले.

मामांनी आधी त्यांच्याकडे पाहिलं. मग चौकटीकडे, खिडकीकडे, खाली राहिलेल्या चार भोकांकडे.

"ही या दाराची?" ते म्हणाले. "तिच्याजवळ?"

"रोज असायची. बाबा कुलूप लावून खिडकीतून तिला द्यायचे." मी उठून घरात खिडकीपाशी गेले, गजांतून हात घातला आणि त्या भोकांवर बोटं टेकवली. माझा हात आईएवढाच आहे. "असं उघडायची. तिनंच सांगितलं होतं लावायला. कोणाला सांगायचं नाही अशी तिची अट होती. बाबांनी शपथ घेतली होती."

"म्हणजे कोर्टात ते—"

"हो."

"मला म्हणालीस, चावी बाबांजवळ आहे."

"ते मी आईसाठी म्हणाले होते."

मामांनी काठी दोन्ही हातांनी धरली. आरा मशिनीवर लाकूड चढलं होतं, तो आवाज संपेपर्यंत ते थांबले.

"तुला आत एकटीला बोलावलं होतं," ते म्हणाले. "पमी बाहेर होती. तुला कोणाची शपथ नव्हती. एवढं सांगितलं असतंस तर त्यांनी तिला तिथूनच घरी पाठवलं असतं. का नाही सांगितलंस?"

माझा हात अजून गजांतून बाहेरच होता. तो आत घेतला नाही.

"मला सुटायचं होतं, मामा," मी म्हणाले.